जर्मनीचे झेंडे: काळा-लाल-सोनेरी की काळा-पांढरा-लाल?

तीन गोष्टी विचारल्यात. जर्मनीचा झेंडा इतक्या वेळा का बदलला, आंदोलनाच्या फोटोत दिसणारा काळा-पांढरा-लाल झेंडा नाझींचा आहे का आणि असेल तर त्याच्यावर बंदी कशी नाही, आणि मुलगा शिकायला जर्मनीत येतोय तर त्याने रूमच्या दारावर स्वस्तिक लावलं तर चालेल का. मी बर्लिनमध्ये गाईडचं काम करते, राइश्टागसमोर, म्हणजे जर्मन संसदेच्या इमारतीसमोर, उभं राहिलं की मराठी ग्रुपमधून पहिल्या दोन प्रश्नांपैकी एक येतोच, त्यामुळे जरा लांबण लावणार आहे, चहा घेऊन बसा.

आधी एक सांगते. किती वेळा बदलला हे मोजत बसलात तर डोकं चक्रावेल आणि हाती काही लागणार नाही. नाझींचा काळ सोडला तर मुळात झेंडे दोनच आहेत आणि त्या दोघांचं भांडण आहे. काळा-लाल-सोनेरी हा आधी रस्त्यावरच्या लोकांनी उचलला, सरकारदरबारी तो नंतर आला. काळा-पांढरा-लाल हा वरून, सरकारने दिला आणि लोकांना तो नंतर आपला वाटायला लागला. एवढं धरून ठेवलं की सनावळी आपोआप जागेवर बसते.

सुरुवात १८१३ ची. नेपोलियनविरुद्धच्या लढाईत प्रशिया या मोठ्या जर्मन संस्थानाच्या बाजूने ल्युट्झो नावाच्या अधिकाऱ्याची एक स्वयंसेवकांची तुकडी होती, त्यात विद्यार्थी, कारागीर, कुठल्या कुठल्या संस्थानांतून आलेली पोरं, कारण तेव्हा जर्मनी नावाचा देशच नव्हता, नुसती संस्थानं. ही पोरं आपापल्या घरचे कपडे घेऊन आली. आता दहा रंगांचे कोट एकसारखे दिसायला हवेत तर करणार काय, सगळे काळ्या रंगात बुडवायचे, कारण काळा कशावरही चढतो. त्याला लाल पट्ट्या आणि पितळेची बटणं. झाले तीन रंग! पुढे लोकांनी त्याला छान अर्थ लावला, गुलामीच्या अंधारातून रक्त सांडत सोनेरी प्रकाशाकडे वगैरे. कोणी म्हणतं की नाही, हे रंग मध्ययुगातल्या जर्मन मुलखाच्या ‘पवित्र रोमन साम्राज्याचे’, सोनेरी कापडावर काळा गरुड आणि त्याची लाल चोच नि नख्या. तो गरुड खरा आहे, पण माझं मत विचाराल तर हा हजार वर्षांचा वारसा नंतर चिकटवलेला आहे, १८१३ च्या पोरांना कपडे रंगवायची घाई होती.

लढाई संपल्यावर हीच पोरं परत कॉलेजला गेली आणि १८१५ मध्ये येना शहरात त्यांनी विद्यार्थ्यांची संघटना काढली. त्यांना येनाच्या बायकांनी १८१६ मध्ये एक झेंडा भरतकाम करून दिला. तो आजच्यासारखा नव्हता बरं का, वर लाल, मध्ये काळा, खाली परत लाल, मधोमध ओकच्या झाडाची सोनेरी फांदी आणि कडेला सोनेरी झालर. १८१७ मध्ये वार्टबुर्गच्या किल्ल्यावर विद्यार्थ्यांचा मोठा मेळावा भरला तेव्हा हाच झेंडा घेऊन गेले होते. मागणी एकच, ही संस्थानं बास झाली, एक देश आणि राज्यघटना द्या. राजेलोकांना हे कसं झेपणार? १८१९ मध्ये असल्या संघटनांवर बंदी आली आणि त्या बंदीनेच रंगांना भाव आला.

तीन आडवे पट्टे दिमाखात दिसतात ते १८३२ च्या मे महिन्यात, हाम्बाखच्या पडक्या किल्ल्यावर. द्राक्षांचा मुलुख आहे तो, नॉयश्टाट गावाजवळ. वीस-तीस हजार माणसं डोंगर चढून गेली, रेल्वे नसताना. सरकारने राजकीय सभेला परवानगी दिली नसती म्हणून नाव दिलं उत्सव. बायकांनाही मुद्दाम बोलावलं होतं, आणि नुकताच रशियाविरुद्धचा उठाव हरलेल्या पोलंडच्या लोकांचा पांढरा-लाल झेंडाही तिथे फडकला. तिथला एक मूळ झेंडा अजून किल्ल्यातल्या म्युझियममध्ये आहे, मधल्या लाल पट्ट्यावर ‘जर्मनीचा पुनर्जन्म’ अशी अक्षरं. जमलं तर बघून या, टूरवाले तिकडे नेत नाहीत, सगळे हायडेलबर्गला जाऊन परत फिरतात. त्या उत्सवानंतर दोन महिन्यांच्या आत हे रंग लावण्यावर बंदी आली.

मग १८४८. त्या वर्षी सगळ्या युरोपात आग लागलेली. गंमत म्हणजे ज्या संस्थानांच्या सभेने फ्रँकफर्टमध्ये बसून हे रंग बेकायदा ठरवले होते, तिनेच ९ मार्चला घाबरून तेच रंग अधिकृत केले. नऊ दिवसांनी बर्लिनमध्ये बॅरिकेड उभी राहिली, शेकडो लोक मेले, आणि २१ मार्चला प्रशियाचा राजा चौथा फ्रेडरिक विल्हेल्म दंडाला काळी-लाल-सोनेरी पट्टी बांधून घोड्यावरून शहरात फिरला. आणि हाच माणूस आपल्या भावाला पत्रात लिहितो की सगळं वाचवायचं म्हणून मला ते रंग मिरवावे लागले. बर्लिनमध्ये उंटर डेन लिंडनवरून चालताना मी हा किस्सा हमखास सांगते.

त्याच वर्षी फ्रँकफर्टमध्ये लोकांनी निवडून दिलेली वेगळी राष्ट्रीय सभा बसली, तिने आरमारही काढलं होतं. जून १८४९ मध्ये हेलिगोलँड बेटाजवळ त्याची डेन्मार्कच्या जहाजाशी छोटी चकमक झाली, तर ब्रिटनने कळवलं की असल्या झेंड्याचा देश आम्ही ओळखत नाही, तो लावून फिरणारी जहाजं चाचे समजली जाऊ शकतात. क्रांती फसली, सभा मोडली, आणि शेवटी ते आरमार लिलावात काढलं. झेंडा असून मागे राज्य नसलं की काय होतं त्याचं याहून चांगलं उदाहरण मला तरी माहीत नाही.

आता दुसरा झेंडा. १८६६ मध्ये प्रशिया आणि ऑस्ट्रिया भिडले, आणि ऑस्ट्रियाच्या बाजूने लढणाऱ्या दक्षिणेकडच्या तुकड्यांच्या दंडावर काळी-लाल-सोनेरी पट्टी होती. म्हणजे प्रशियाचा पंतप्रधान बिस्मार्क याच्या दृष्टीने हे रंग एकतर बंडखोरांचे नाहीतर हरलेल्या शत्रूचे. प्रशिया जिंकला, १८६७ मध्ये उत्तर जर्मन संघ झाला आणि जहाजांना झेंडा हवा म्हणून प्रशियाचा काळा-पांढरा आणि हाम्बुर्ग-ल्युबेकसारख्या व्यापारी बंदरांचा पांढरा-लाल एकत्र केला. कविता नाही, क्रांती नाही, निव्वळ जहाजांची सोय. राज्यघटनेचं ५५ वं कलम बघा, त्यात हा झेंडा आरमार आणि व्यापारी जहाजांचा म्हणूनच येतो. १८७१ मध्ये साम्राज्य झालं तेव्हा तेच कलम तसंच उचललं, आणि राष्ट्रीय झेंडा म्हणून रीतसर घोषणा व्हायला १८९२ उजाडलं. पण तोवर पोरं शाळेत तोच बघत मोठी झाली होती, कारखाने, वसाहती, आरमार, सगळी भरभराट त्याच झेंड्याखाली, त्यामुळे लोकांचा जीव जडला.

(जाता जाता, मादाम कामांनी १९०७ मध्ये स्टुटगार्टला समाजवाद्यांच्या परिषदेत भारताचा झेंडा फडकवला तो याच साम्राज्याच्या काळात. तो झेंडा आज पुण्यात केसरी-मराठा ग्रंथालयात आहे, पुणेकरांनी तरी बघितलेला असावा.)

१९१८ ला कैसर, म्हणजे जर्मन सम्राट, पळाला, हॉलंडला गेला, आणि राजाशिवायचं राज्य, वायमार प्रजासत्ताक, आलं. इथे जरा थांबते, कारण आज जे चाललंय त्याची मुळं इथे आहेत. १९१९ च्या राज्यघटनेत तिसरं कलम आहे, राष्ट्राचे रंग काळा-लाल-सोनेरी. इथेच पूर्णविराम दिला असता तर बरं झालं असतं. पण जहाज कंपन्यांनी ओरड केली की हे रंग समुद्रात लांबून नीट दिसत नाहीत (खरं दुखणं वेगळं होतं हे सगळ्यांना कळत होतं), उजव्या पक्षांना जुना झेंडा हवा होता, मग तडजोड काढली. व्यापारी जहाजांवर काळा-पांढरा-लालच राहील आणि त्याच्या वरच्या कोपऱ्यात, काठीच्या बाजूला, छोटासा काळा-लाल-सोनेरी. त्या झेंड्याचं चित्र शोधून बघा. कोणालाच खूश न करणारी गोष्ट कशी दिसते ते कळेल.

नंतरची चौदा वर्षं नुसती भांडणं. लोक गच्चीवर कुठला झेंडा लावतात त्यावरून शेजाऱ्याचं मत कळायचं, बाल्टिक समुद्रावर सुट्टीला गेलेली कुटुंबं वाळूचे किल्ले करून त्यावर आपापला झेंडा रोवायची आणि त्यावरूनही जुंपायची. प्रजासत्ताकाचे विरोधक सोनेरीला सोनेरी म्हणायचेच नाहीत, काळा-लाल-मोहरी म्हणायचे, आपल्याकडची मोहरी नव्हे, सॉसेजबरोबर खातात ती पिवळी चटणी. याला उत्तर म्हणून १९२४ मध्ये माग्डेबुर्गला प्रजासत्ताकाच्या बाजूच्या लोकांनी, मुख्यतः सोशल डेमोक्रॅट आणि सोबत कॅथलिक पक्ष आणि उदारमतवादी, चक्क झेंड्याच्याच नावाने संघटना काढली, राइशबानर, म्हणजे राष्ट्राचा झेंडा. त्यात लाखोंनी माणसं होती, बरेचसे पहिल्या महायुद्धातून आलेले जवान. म्हणजे प्रजासत्ताकाच्या बाजूने कोणी उभंच नव्हतं असं जे सरसकट सांगतात ते खरं नाही.

१९२६ च्या मे महिन्यात राष्ट्राध्यक्ष हिंडेनबुर्गने फर्मान काढलं की युरोपबाहेरच्या वकिलातींवर आणि बंदरांच्या शहरांतल्या वकिलातींवर तो व्यापारी झेंडाही लावायचा. आठवड्याभरात चॅन्सेलर (सरकारप्रमुख) हान्स लुथर यांचं सरकार पडलं. झेंड्याच्या कापडावरून सरकार पडतं म्हणजे ते कापडावरून नसतंच, देश कोणाचा हा वाद असतो तो.

नाझींनी सत्तेवर आल्यावर मार्च १९३३ मध्ये लगेच काळा-लाल-सोनेरी उतरवला आणि हिंडेनबुर्गच्याच सहीने दोन झेंडे एकत्र लावायला सांगितले, जुना काळा-पांढरा-लाल आणि पक्षाचा स्वस्तिकवाला. नीट बघितलंत तर पक्षाच्या झेंड्यात रंग तेच आहेत, लाल कापड, पांढरं वर्तुळ, काळं चिन्ह. १९२० पासूनचा तो झेंडा, आणि कम्युनिस्टांचा लाल पळवायचा आणि कैसरवाल्यांनाही आपलंसं वाटायला हवं हा हिशोब त्यात पहिल्यापासून होता. दोन झेंड्यांचं हे लफडं १९३५ मध्ये मिटलं. जुलैमध्ये न्यूयॉर्कला ‘ब्रेमेन’ नावाच्या जर्मन जहाजावर निदर्शक चढले, स्वस्तिकाचा झेंडा फाडून काढला आणि हडसन नदीत फेकला. जर्मनीने निषेध केला तर अमेरिकेकडून उत्तर आलं की तो तर पक्षाचा झेंडा, तुमच्या राष्ट्रीय झेंड्याला कोणी हात लावलेला नाही. १५ सप्टेंबरला न्युर्नबर्गला कायदा करून स्वस्तिकाचा झेंडा एकमेव राष्ट्रीय झेंडा झाला आणि जुना काळा-पांढरा-लाल बाजूला पडला. त्याच दिवशी, त्याच सभेत ज्यूंविरुद्धचे ते कुप्रसिद्ध कायदे झाले, आणि त्यात ज्यूंनी राष्ट्रीय झेंडा लावायचा नाही असंही एक कलम होतं. झेंड्याचा कायदा आणि वंशाचा कायदा एकाच गठ्ठ्यात आले, हे पुस्तकात बऱ्याचदा वेगवेगळं वाचायला मिळतं म्हणून मुद्दाम सांगितलं.

१९४५ नंतर चार वर्षं देशाला झेंडाच नाही. पण जहाजांना काहीतरी लावावं लागतं, तर दोस्त राष्ट्रांनी नोव्हेंबर १९४६ मध्ये सांगितलं की आंतरराष्ट्रीय सिग्नलच्या पताकांमधली ‘सी’ अक्षराची पताका लावा, निळा-पांढरा-लाल-पांढरा-निळा, आणि ओळखू यावी म्हणून कडेचा त्रिकोणी तुकडा कापून टाका. तिला सलामी द्यायची नाही हेही ठरलेलं. खलाशी म्हणायचे ‘सी’ म्हणजे कॅपिट्युलेशनचा सी, शरणागतीचा.

मग देशाचे पूर्व आणि पश्चिम असे दोन देश झाले. पश्चिमेची नवी राज्यघटना लिहायला बसले तेव्हा एक वेगळी सूचना आली होती. योझेफ विर्मर नावाचे बर्लिनचे वकील, हिटलरला मारायच्या २० जुलै १९४४ च्या कटात होते, सप्टेंबरमध्ये त्यांना फाशी दिली. त्यांनी हिटलरनंतरच्या जर्मनीसाठी एक झेंडा काढून ठेवला होता, लाल कापडावर स्वीडन-नॉर्वेसारखा आडवा काळा क्रॉस, त्याला सोनेरी कड. त्यांच्या भावाने तो पुढे मांडला पण घेतला नाही, आणि मे १९४९ मध्ये ४९ विरुद्ध १ मतांनी काळा-लाल-सोनेरी पास झाला. आज तो विर्मरचा झेंडा कुठे दिसतो माहितीये? स्थलांतरितांविरुद्धच्या, अगदी उजव्या मोर्चांमध्ये. नाझींनी फासावर दिलेल्या माणसाचा झेंडा! घरच्यांनी उघड नाराजी सांगितली, उपयोग शून्य.

पूर्व जर्मनीनेही १९४९ मध्ये तेच तीन रंग घेतले, कारण दोघांनाही सांगायचं होतं की १८४८ चे खरे वारस आम्हीच. दहा वर्षं दोन देशांचा एकच झेंडा होता, हे ऐकून लोक दचकतात. १९५९ मध्ये पूर्वेने मध्ये चिन्ह टाकलं, हातोडा कामगारांचा, कंपास शिकलेल्यांचा, भोवती राय धान्याच्या लोंब्या शेतकऱ्यांच्या. पश्चिमेने त्याला फुटीरांचा झेंडा म्हटलं आणि तो पश्चिमेत कुठे लावला तर साठच्या दशकात पोलीस येऊन उतरवायचे. ऑलिंपिकचा घोळ तर त्याहून भारी, दोघांची एकच टीम जायची, मग १९६० आणि १९६४ ला लाल पट्ट्यावर पांढऱ्या पाच रिंगा काढलेला झेंडा आणि राष्ट्रगीताऐवजी बेथोव्हेन. १९६८ ला टीम वेगळ्या झाल्या तरी तोच झेंडा, तेच बेथोव्हेन.

१९८९ च्या शरद ऋतूत पूर्वेतले लोक रस्त्यावर आले तेव्हा नवा झेंडा शिवायची गरजच नव्हती, मधलं चिन्ह कात्रीने कापून टाकलं की झालं, त्यामुळे जुन्या फोटोंमध्ये मध्ये भोक पडलेले झेंडे दिसतात. ३ ऑक्टोबर १९९० ला दोन्ही जर्मनी एक झाले, त्या मध्यरात्री राइश्टागसमोर जो भलामोठा झेंडा चढवला तो आजही तिथेच असतो, ६ बाय १० मीटर, २८ मीटर उंच खांबावर, रात्री पण उतरवत नाहीत. ग्रुप फोटो काढायला तीच जागा चांगली आहे.

तरीही साधा माणूस झेंडा हातात घ्यायला कचरायचा. हे बदललं २००६ च्या फुटबॉल वर्ल्ड कपला, घराघरांवर, गाड्यांच्या आरशांवर, गालांवर, सगळीकडे तेच रंग, आणि त्यावर पेपरांत महिनाभर चर्चा की हे बरं आहे का वाईट. आपल्याला गंमत वाटते, पण इथे तो मोठा प्रश्न होता आणि अजून पुरता सुटलेला नाही. २०१३ ची निवडणूक जिंकल्यावर स्टेजवर पक्षाच्या एका नेत्याने छोटा झेंडा हातात घेतला तर तेव्हाच्या चॅन्सेलर अँगेला मर्केलनी तो काढून बाजूला दिला, मान हलवत. ती क्लिप आजही व्हॉट्सॅपवर फिरते, एका गटासाठी तो देशाचा अपमान आणि दुसऱ्यासाठी समंजसपणा. माझ्या मते बाईंना एवढंच म्हणायचं होतं की हा पक्षाचा विजय आहे, देशाचा झेंडा यात कशाला.

आता दुसरा प्रश्न. काळा-पांढरा-लाल साधा झेंडा हा मुळात कैसरचा, नाझींनी तो दोनेक वर्षं वापरला. स्वस्तिक आणि नाझी पक्षाची चिन्हं जाहीरपणे दाखवणं हा फौजदारी गुन्हा आहे, दंड किंवा तीन वर्षांपर्यंत कैद, पण साध्या तीन पट्ट्यांवर ते कलम लागत नाही. म्हणूनच तो झेंडा सोयीचा पडतो, स्वस्तिक लावता येत नाही ना, मग हा लावा, कळणाऱ्यांना बरोबर कळतं. ऑगस्ट २०२० मध्ये कोरोनाच्या नियमांविरुद्धच्या मोर्चातली काही माणसं हेच झेंडे घेऊन राइश्टागच्या पायऱ्यांवर चढली आणि देश हादरला. त्यानंतर ब्रेमेन राज्याने आधी आणि मग इतर राज्यांनी आदेश काढले की दहशत बसेल अशा पद्धतीने हे झेंडे मिरवले तर पोलीस जप्त करू शकतात. म्हणजे इतिहासाच्या प्रदर्शनात लावलेला चालतो, मोर्चात तोच चालेलच असं नाही. तुमच्या फोटोतल्या प्रत्येकाला नाझी म्हणू नका, काही जण नुसते कैसरभक्त असतात, पण तो झेंडा भोळेपणाने कोणी घेऊन येत नाही एवढं नक्की.

दुकानातून झेंडा घ्यायचा असेल तर साधा घ्या. मध्ये गरुडाची ढाल असलेला जो मिळतो तो सरकारी कार्यालयांचा झेंडा आहे, खाजगी वापरायला नियमाने परवानगी नाही. मॅचला हजारो लोक तो घेऊन जातात आणि कोणी काही म्हणत नाही, पण घरावर नको. आणि जर्मन माणसासमोर खालच्या पट्ट्याला पिवळा म्हणू नका, सोनेरीच म्हणा. कापडावर तो पिवळाच असतो, सरकारी रंगपत्रकात त्या छटेचं नाव तर मोहरीसारख्याच पिवळ्या फुलांच्या शेतावरून आहे, पण मगाशी सांगितलं ना ते मोहरी प्रकरण, त्यावरून इथे कोर्टात खटले झालेत, अगदी २००८ पर्यंत, शेवटी जर्मनीच्या घटनात्मक न्यायालयाने सांगितलं की तसं म्हणणंही भाषणस्वातंत्र्यात बसतं.

मुलाच्या दाराचं. कायद्याचा रोख नाझी चिन्हावर आहे, पूजेतल्या स्वस्तिकावर नाही, आणि युरोपभर बंदी घालायचा विचार २००७ मध्ये पुढे आला तेव्हा हिंदू संघटनांनी हेच मांडलं होतं. पण जिन्यातून जाणाऱ्या शेजाऱ्याला कुंकवाचं कोणतं आणि त्यांचं कोणतं हे कळत नाही, आणि समजा त्याच्या घरातलं कोणी नाझींच्या छळछावणीत मेलेलं असेल तर तुमचा मुलगा त्याला कुठून कुठून समजावणार? देवघरात, आतल्या बाजूला, खुशाल असू दे. बाहेरच्या दारावर, सायकलवर, बाल्कनीच्या रांगोळीत नको. नव्या गाडीची पूजा केली तर बॉनेटवर ॐ काढा. सामानात स्वस्तिक छापलेली तोरणं, लग्नपत्रिका वगैरे असतील तर ती बॅगेत राहू द्या, आणि पोराला हे सगळं निघायच्या आधीच सांगा, कारण हॉस्टेलमध्ये दिवाळीच्या रांगोळीवरून पोलिसांना बोलावल्याचं मी पाहिलंय. पोलीस समजूतदार होते, दहा मिनिटांत गेले, पण त्या पोरींनी पुढे सेमिस्टरभर कॉमन किचनमध्ये जाणं टाळलं.